जाळण्याआधी: बिडकीनच्या बांधापासून गौताळ्याच्या डोंगरापर्यंत वणव्याचा आढावा

मराठवाड्यात वणव्याची बातमी बहुधा आतल्या पानावर, चार ओळींत उरकते. उत्तराखंडातले चिडाचे डोंगर आणि कॅलिफोर्नियातली जळती घरे टीव्हीवर दिसतात. आपल्याकडे मुळात जंगलच किती, असे म्हणून आपण विषय सोडून देतो. हा समज महागात पडणारा आहे. जंगल कमी असलेल्या मुलखातही दर उन्हाळ्यात जमीन जळते. ती तुकड्यातुकड्यांनी जळते, म्हणून तिची बेरीज कुणी करत नाही.

छत्रपती संभाजीनगरहून पैठणकडे जाताना वीस-बावीस किलोमीटरवर बिडकीन लागते. आसपास चितेगाव, निलजगाव, ढोरकीन. काळीभोर जमीन, विहिरी-बोअरच्या पाण्यावर कापूस, तूर, मका, मोसंबीच्या बागा आणि जायकवाडी धरणाच्या, म्हणजे नाथसागराच्या, फुगवट्याकडे ऊस. गावाला लागून आता ऑरिक या औद्योगिक शहराचा पट्टाही उभा राहतो आहे. इथे वनखात्याच्या नकाशावरचे मोठे जंगल नाही. तरीही फेब्रुवारीच्या मध्यापासून मृग लागेपर्यंत या शिवारात संध्याकाळी कुठे ना कुठे धुराची रेघ दिसतेच. कुठे बांध पेटवलेला असतो, कुठे खोडव्यातले पाचट, कुठे ढिगाने रचलेल्या पऱ्हाट्या, तर कुठे रस्त्याकडेचे गवत. उत्तरेला सातमाळा-अजिंठ्याच्या रांगेत याच महिन्यांत डोंगर पेटलेले असतात.

बांधाची आग कृषी खात्याची, डोंगराची वनखात्याची, गायरानाची महसुलाची आणि रिकाम्या प्लॉटवरची औद्योगिक वसाहतीची, अशी आपण वाटणी करून ठेवली आहे. प्रत्यक्षात प्रश्न एकच आहे. पावसाळ्यात उगवलेले गवत, पाचट, काडीकचरा हिवाळा सरल्यावर कुणाच्या उपयोगाचा उरत नाही, आणि ज्याला मोल नाही ते पेटते. बदलत्या हवामानात मराठवाड्याला तग धरायचा असेल, तर या काडीला मोल देणे हे आग विझवण्याइतकेच, किंबहुना त्याहून तातडीचे काम आहे. या लेखात त्याच अंगाने आढावा घेतला आहे.

डोंगर का पेटतो

जिल्ह्यातले महत्त्वाचे जंगल म्हणजे गौताळा-औट्रमघाट अभयारण्य. कन्नड आणि चाळीसगाव तालुक्यांच्या हद्दीवर सुमारे 260 चौरस किलोमीटरवर पसरलेले हे अभयारण्य 1986 साली जाहीर झाले. जंगल कोरडे, पानझडीचे. मार्च 2021 मध्ये यवतमाळ जिल्ह्यातल्या टिपेश्वर अभयारण्यातून निघालेला एक वाघ चालत चालत इथवर पोहोचला आणि कित्येक दशकांनी गौताळ्यात वाघ असल्याची नोंद झाली. असे जंगल राखायचे तर पहिला शत्रू वणवाच.

महाराष्ट्रात वनखाते साधारण 15 फेब्रुवारी ते 15 जून हा वणव्याचा हंगाम मानते. कोरड्या हवेत वीज पडून आग लागण्याचे प्रसंग आपल्याकडे थोडे. बहुतेक वणवे माणसाच्या हातून लागतात. न विझवलेली विडी, डोंगरावर सहलीला आलेल्यांची चूल, मध काढण्यासाठी केलेला धूर, शिकारीसाठी लावलेली आग, शेताच्या बांधावरून सुटलेली ठिणगी, विजेच्या तारांचे घर्षण, ही त्याची नेहमीची कारणे. आणि सर्वांत जुने कारण म्हणजे गवत जाळले की पुढच्या वर्षी ते जोमाने फुटते, हा समज.

या समजात अर्धे तथ्य आहे. जुने वाळके गवत जळाले की जमिनीवर ऊन पडते, राखेतून थोडे पालाश मिळते आणि पहिल्या सरीनंतर कोवळी पाती लवकर फुटतात. गुरांना ती आवडतात. पण हे दरवर्षी, ऐन उन्हाळ्यात, कडक आगीने होत राहिले तर मारवेल, पवन्या, शेडा ही पौष्टिक गवते हटतात आणि कुसळी माजते. कुसळीचे बी हातात घेऊन पाहावे. त्याला पीळ असलेली लांब शेपटी असते. ओल लागली की पीळ उलगडतो, सुकले की पुन्हा घट्ट होतो आणि या फिरण्यातून बी स्वतःला मातीत रुतवून घेते. वरून आग गेली तरी मातीखालचे बी वाचते. म्हणजे दरवर्षी डोंगर पेटवणारा गुराखी चाऱ्याच्या आशेने नेमके ते गवत वाढवतो, जे मेंढीच्या लोकरीत आणि गुरांच्या तोंडात रुतते.

डोंगरावरची आग विझवणे किती अवघड असते, ते एप्रिल 2025 मध्ये दौलताबादला दिसले. देवगिरी किल्ल्यावरचे वाळलेले गवत पेटले आणि आग वरच्या भागापर्यंत पोहोचली. अशा चढावर अग्निशमन दलाचा बंब जाऊ शकत नाही. पाणी माणसांनी वाहायचे, नाहीतर हिरव्या फांद्यांनी झोडपून आणि ब्लोअरच्या वाऱ्याने आग मागे रेटायची. त्यात आग चढणीवर उतारापेक्षा वेगाने धावते, कारण ज्वाळा वरच्या गवताला आधीच तापवून वाळवत जाते. म्हणून डोंगरावर खरा उपाय आग लागण्याआधी असतो. त्याला जाळरेषा म्हणतात. हिवाळ्याच्या शेवटी ठरावीक रुंदीचा पट्टा गवत कापून, नियंत्रणाखाली जाळून मोकळा करायचा, म्हणजे आगीला पलीकडे जायला इंधनच मिळत नाही. जाळरेषा वेळेत झाली नाही तर पुढचे सगळे प्रयत्न धावपळ ठरतात.

माळरान म्हणजे ओसाड जमीन नव्हे

वणव्याच्या चर्चेत एक मोठी गल्लत होते. झाड दिसले नाही की ती जागा उजाड, आणि उजाड जागेवर झाडे लावली की हवामान बदलाला उत्तर मिळाले, असे आपण धरून चालतो. 2016 ते 2019 या काळात महाराष्ट्रात वृक्षलागवडीच्या मोठ्या मोहिमा झाल्या. 2016 मध्ये दोन कोटींपासून सुरू झालेले उद्दिष्ट 2019 मध्ये 33 कोटींवर गेले. हेतू चांगला होता. पण यातली बरीच रोपे गवताळ माळावर, गायरानावर लागली. दोन-तीन पावसाळ्यांत रोप गुडघाभर होते, गवत कमरेएवढे. ते गवत कुणी कापले नाही तर मार्चमधली एक ठिणगी सगळी मेहनत राख करते. बीडजवळ पालवण येथे अभिनेते सयाजी शिंदे आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी उभ्या केलेल्या सह्याद्री देवराईला 2020 मध्ये आग लागली, तेव्हा हा धोका सगळ्या राज्याने पाहिला.

आपली माळराने ही जंगल तोडून उरलेली जागा आहे, हा समजही तपासून घ्यायला हवा. आशीष नेर्लेकर आणि दिग्विजय पाटील या अभ्यासकांनी 2025 मध्ये प्रसिद्ध केलेल्या अभ्यासात जुन्या मराठी वाङ्मयातले आणि लोकपरंपरेतले वनस्पतींचे उल्लेख तपासले. त्यांना 28 रानवनस्पती सापडल्या आणि त्यांतल्या जवळपास दोन-तृतीयांश गवताळ, विरळ झाडांच्या प्रदेशात वाढणाऱ्या होत्या. पश्चिम महाराष्ट्रातला गवताळ मुलूख निदान साडेसातशे वर्षे जुना आहे, असे त्यांचे म्हणणे. याचा वणव्याशी थेट संबंध आहे. गवताळ प्रदेशात चराई, कापणी आणि अधूनमधूनची आग या तिन्ही गोष्टी जुन्याच आहेत. चराई आणि कापणी थांबवून नुसती आग बंद करू म्हटले तर वाळके गवत साठत जाते आणि मग लागणारी आग पूर्वीपेक्षा भयंकर होते. माळ राखायचा म्हणजे तो वापरात ठेवायचा.

बांधाची आग

आता बिडकीनच्या शिवारात येऊ. उन्हाळी मशागतीच्या दिवसांत शेतकरी बांध का पेटवतो, हे समजून न घेता त्याला नुसते दोष देणे अन्यायाचे होईल. बांधावर हरळी, कुंदा, गाजर गवत माजते आणि शेतात शिरते. उंदीर आणि साप यांची भीती असते. खुरपणीला माणसे मिळत नाहीत, मिळाली तर मजुरी परवडत नाही. काडीपेटीची एक काडी मात्र फुकटात काम करते, असे वाटते.

पण त्या काडीचा हिशेब नीट मांडला तर ती फुकट नाही. कुंद्याच्या मुळ्या खोल असतात, त्या जळत नाहीत. पाऊस पडताच कुंदा पुन्हा उभा राहतो. जळतात ती बांधावरची लिंब, बाभूळ, बोर यांची खोडे. एका वर्षी साल भाजते, दुसऱ्या वर्षी बुंधा पोखरतो, तिसऱ्या वर्षी वादळात झाड आडवे होते. मराठवाड्यात रस्त्याकडेची आणि बांधावरची किती झाडे कुऱ्हाडीने गेली आणि किती अशा हप्त्याहप्त्याच्या आगीने गेली, याची नोंद कुठेच नाही. आग शेजाऱ्याच्या मोसंबीत शिरली तर ठिबकच्या नळ्या वितळतात, आच्छादन जळते आणि झाडाच्या खालच्या फांद्या होरपळतात. बारीक गवत इतके हलके इंधन आहे की दुपारच्या उन्हात ते तासाभरात पूर्ण सुकते. सकाळी दहिवरात न पेटणारा बांध दुपारी दोन वाजता वाऱ्याच्या एका झोताने हातातून निसटतो. कडब्याच्या गंज्या, गोठे आणि उभा ऊस जळण्याच्या कित्येक घटनांचे मूळ इथे सापडेल.

पाचट, पऱ्हाटी आणि हवेत जाणारे खत

उसाच्या पाचटाचा हिशेब तर अगदी स्पष्ट आहे. हेक्टरी आठ ते दहा टन पाचट निघते. ते जागेवर कुजवले तर साधारण 40 ते 50 किलो नत्र आणि तीन-चार टन सेंद्रिय कर्ब जमिनीला मिळतो. जाळले तर नत्र आणि कर्ब जवळपास सगळा हवेत जातो, वरच्या थरातले जिवाणू मरतात आणि उरलेली राख पहिल्या जोराच्या पावसात वाहून जाते. मग त्याच शेतकऱ्याला दुकानातून युरियाची गोणी आणावी लागते.

पाचट कुजवण्याची पद्धत कृषी विद्यापीठे आणि साखर संस्था कित्येक वर्षे सांगत आहेत. तोडणी झाली की खोडव्यात पाचट सरीत पसरायचे, उसाचे बुडखे जमिनीलगत धारदार कोयत्याने छाटायचे, टनाला आठ किलो युरिया, दहा किलो सिंगल सुपर फॉस्फेट आणि एक किलो पाचट कुजवणारे जिवाणू टाकून पाणी द्यायचे. पाचट ओल धरते, तण दाबते आणि पाण्याच्या दोन पाळ्यांतले अंतर वाढवते. ज्या तालुक्यात उन्हाळ्यात विहिरी तळ गाठतात, तिथे या शेवटच्या फायद्याची किंमत सगळ्यांत जास्त आहे. हे माहीत असूनही पाचट पेटते, कारण तोडणीच्या घाईत, पाणी देताना आणि मशागत करताना ते पायात येते. कुट्टी यंत्र गावात वेळेवर भाड्याने मिळाले तर निम्मे पाचट वाचेल.

कापसाचा प्रश्न जरा गुंतागुंतीचा आहे. 2017 मध्ये गुलाबी बोंडअळीने राज्यातले कापूस उत्पादक हवालदिल झाले. ही अळी शेतात राहिलेल्या बोंडांत आणि काडीत दिवस काढते, म्हणून फरदड, म्हणजे हंगाम संपल्यावरही राखलेले कापसाचे पीक, घेऊ नका, पऱ्हाट्या शेतात ठेवू नका, असे कृषी खाते सांगते. शेतकऱ्याला त्याचा सोपा अर्थ कळतो, की उपटा आणि पेटवा. सल्ला बरोबर आहे, त्याच्या पुढचे वाक्य मात्र राहून जाते. पऱ्हाटी श्रेडरने बारीक करून खड्ड्यात कुजवता येते किंवा ती दाबून तिच्यापासून इंधनाच्या विटा, म्हणजे पांढरा कोळसा, करता येतो. हेक्टरी दोन-तीन टन पऱ्हाटी म्हणजे बॉयलरचे चांगले इंधन आहे. केंद्रीय कापूस तंत्रज्ञान संशोधन संस्थेने पऱ्हाटीपासून पार्टिकल बोर्ड आणि इंधनाच्या गोळ्या करण्यावर काम केले आहे. तंत्र आहे, कच्चा मालही आहे. शेतापासून कारखान्यापर्यंत तो परवडेल अशा दराने गोळा करणारी साखळी तेवढी उभी राहिलेली नाही.

छत्रपती संभाजीनगर शहर राष्ट्रीय स्वच्छ हवा कार्यक्रमात, हवेची पातळी न राखणाऱ्या शहरांच्या यादीत आहे. शहराच्या धुरात वाहने, बांधकामाची धूळ आणि कारखाने यांचा वाटा असतोच. पण भोवतालच्या शिवारात पेटलेल्या काडीकचऱ्याचा धूरही वाऱ्याबरोबर तिथेच जातो.

हवामान बदलाने काय बिघडले

वणव्याला तीन गोष्टी लागतात: इंधन, कोरडेपणा आणि ठिणगी. ठिणगी माणूस देतो. उरलेल्या दोन गोष्टींवर हवामान बदलाचा परिणाम होतो आहे.

मार्च 2022 हा देशातला 1901 पासूनचा सर्वांत उष्ण मार्च ठरला. पुढच्याच वर्षी फेब्रुवारी 2023 ने आपल्या महिन्याचा तोच विक्रम केला. 2024 हे भारतातले नोंदी सुरू झाल्यापासूनचे सर्वांत उष्ण वर्ष. या आकड्यांचा शिवारातला अर्थ असा की गवत लवकर वाळते आणि जाळरेषा करण्यासाठी मिळणारे दिवस कमी होतात. कॅलेंडरवर 15 फेब्रुवारीला सुरू होणारा हंगाम प्रत्यक्षात त्याआधीच सुरू होतो.

दुसरा बदल पावसाच्या लहरीपणाचा. मराठवाड्याने 1972, 2012-13, 2015-16, 2018 आणि 2023 असे दुष्काळ पाहिले. त्याच मराठवाड्याने सप्टेंबर 2025 मध्ये अतिवृष्टी पाहिली, जायकवाडीतून लाखांच्या क्युसेकने पाणी सोडावे लागले आणि गोदाकाठची पिके वाहून गेली. दुष्काळ आणि महापूर यांच्या या आलटून-पालटून येण्याचा वणव्याशी जवळचा संबंध आहे. जास्त पावसाने गवत माजते आणि त्यामागून आलेला कडक उन्हाळा त्याचे इंधन करतो. जानेवारी 2025 मध्ये लॉस एंजेलिस परिसरात हेच घडले. आधीच्या दोन ओल्या हिवाळ्यांत झुडपे आणि गवत वाढले, मग अनेक महिने पाऊस पडला नाही आणि कोरड्या वाऱ्यांत लागलेल्या आगीत 16 हजारांहून अधिक बांधकामे नष्ट झाली. प्रमाण फार वेगळे आहे, कारण तेच आहे.

तिसरा बदल हवामानाचा नाही, जगण्याचा आहे. ट्रॅक्टर आले, बैल कमी झाले. घरटी गुरे घटली. पूर्वी जे गवत विळ्याने कापून घरी यायचे, ते आता उभे वाळते. मग दुष्काळ पडला की उलटे चित्र दिसते. 2019 च्या उन्हाळ्यात बीड जिल्ह्यात शेकडो चारा छावण्या चालवाव्या लागल्या आणि सरकारने चाऱ्यावर मोठा खर्च केला. फेब्रुवारीत जो चारा आपण जाळतो, तोच मे महिन्यात ट्रक भरून बाहेरून आणतो. हा तोटा कुठल्याही अंदाजपत्रकात दिसत नाही, म्हणून तो थांबत नाही.

औद्योगिक पट्ट्याचा नवा धोका

दिल्ली-मुंबई औद्योगिक मार्गिकेतला ऑरिकचा बिडकीन पट्टा 7,855 एकरांचा आहे. 29 सप्टेंबर 2024 रोजी पंतप्रधानांच्या हस्ते त्याचे लोकार्पण झाले. विजेवरच्या गाड्या बनवणाऱ्या कंपन्यांनी इथे मोठ्या गुंतवणुका जाहीर केल्या आहेत. रोजगाराच्या दृष्टीने ही तालुक्यासाठी मोठी घडामोड आहे. जमिनीच्या दृष्टीने मात्र तिच्यात एक मधला काळ असतो, ज्याचा विचार होत नाही. ज्या रानात दरवर्षी वखर फिरायचा, ते संपादित झाले की कारखाना उभा राहीपर्यंत पडीक राहते. त्यावर गवत, गाजर गवत, वेडी बाभूळ वाढते. रस्ते, विजेच्या वाहिन्या, बांधकाम आणि वर्दळ यांच्या मधोमध वाळलेल्या गवताचे पट्टे उभे असतात.

पोर्तुगालने या धोक्याची किंमत माणसांच्या जिवाने मोजली. तिथे खेड्यांतली शेती सुटत गेली, पडीक रानात झुडपे आणि निलगिरी वाढली. जून 2017 मध्ये पेद्रोगाव ग्रांदेच्या आगीत 66 माणसे दगावली आणि त्यातली बरीच गाडीतून पळताना रस्त्यावर अडकली. त्यानंतर त्या देशाने आगीसाठी स्वतंत्र संस्था उभारली आणि घरांभोवतीचा ठरावीक पट्टा साफ ठेवण्याचा नियम कडकपणे राबवायला घेतला. पडलेली जमीन हे इंधनाचे कोठार असते, हा धडा बिडकीनने आजच घ्यावा. रिकाम्या प्लॉटवरचे गवत जानेवारी संपण्याआधी कापणे आणि ते गावातल्या पशुपालकांना चाऱ्यासाठी खुले करणे, हा यावरचा सर्वांत स्वस्त उपाय आहे. याच पट्ट्यातल्या कारखान्यांनी बॉयलरसाठी पऱ्हाटीचा पांढरा कोळसा घ्यायचे ठरवले, तर ज्या शेतकऱ्यांच्या जमिनी गेल्या त्यांच्या शेजाऱ्यांना नवी बाजारपेठ मिळेल.

उपग्रह, कायदा आणि माणसे

व्यवस्थेकडे पाहिले तर साधने पूर्वीपेक्षा कितीतरी सुधारली आहेत. डेहराडूनची भारतीय वन सर्वेक्षण संस्था 2004 पासून उपग्रहांच्या मदतीने वणव्यांच्या सूचना देते. देशातले सुमारे 36 टक्के वनक्षेत्र वारंवार वणवे लागण्याच्या धोक्यात आहे, हा तिचाच अंदाज. आजची उपकरणे पावणेचारशे मीटरच्या चौकटीपर्यंतची उष्णता ओळखतात आणि सूचना वनरक्षकाच्या मोबाइलवर जाते. पण उपग्रह दिवसातून मोजक्या वेळा डोक्यावरून जातो. दुपारी तीनला पेटून पाचला विझलेला बांध त्याच्या नोंदीत बहुधा येतच नाही. त्यामुळे शिवारातली आग सरकारी आकडेवारीत अदृश्य राहते.

कायदाही आहे. 1927 च्या भारतीय वन अधिनियमानुसार राखीव जंगलात आग लावणे गुन्हा आहे, आणि जंगलावर ज्यांचे हक्क आहेत त्यांनी आग विझवायला मदत करणे हे त्यांचे कर्तव्य मानले आहे. आगीने शेजाऱ्याचे नुकसान करणे भारतीय न्याय संहितेतही शिक्षेला पात्र आहे. पण ठिणगी कुणाची, हे सिद्ध करणे जवळपास अशक्य असते. नुसत्या दंडाच्या धाकाने हा प्रश्न सुटलेला नाही आणि सुटणारही नाही.

जिथे तो सुटला आहे, तिथे लोकांच्या हाती जंगल किंवा गवत आहे. चंद्रपूर जिल्ह्यातल्या पाचगावला 2012 मध्ये सामूहिक वनहक्क मिळाला. तेंदूपानाच्या हंगामासाठी झाडे छाटली जातात आणि जंगलाला आगी लावल्या जातात, हे पाहून ग्रामसभेने तेंदूपान तोडणेच बंद केले आणि बांबूवर भर दिला. उत्पन्नाचे एक साधन त्यांनी स्वतःहून सोडले, कारण जंगल आपले आहे याची त्यांना खात्री होती. अहिल्यानगर जिल्ह्यातल्या हिवरे बाजारने दुसरी वाट धरली. पोपटराव पवार यांच्या नेतृत्वाखाली गावाने डोंगरावर चराईबंदी केली, पण गवत कापून नेण्याला मुभा दिली. गवत घरोघरी गुरांपुढे गेले, दूध वाढले आणि डोंगरावर पेटायला काही उरले नाही. चराईबंदीला कापणीची जोड दिली म्हणून हे जमले. अनेक गावांनी नुसती बंदी केली आणि वणवा ओढवून घेतला.

उत्तर ऑस्ट्रेलियातल्या वेस्ट आर्नहेम लँडमध्ये 2006 पासून आदिवासी वनरक्षक कोरड्या हंगामाच्या सुरुवातीलाच लहान लहान, थंड आगी लावतात. त्यामुळे हंगामाच्या शेवटी लागणारे मोठे वणवे कमी होतात, हवेत जाणारा धूर घटतो आणि त्याचे कार्बन क्रेडिटचे पैसे त्यांना मिळतात. आपल्या दाट वस्तीच्या मुलखात ही पद्धत जशीच्या तशी आणता येणार नाही. मोठी आग टाळायची तर हंगामाच्या आधी, ठरवून, जाणकार माणसांच्या हातून काम व्हावे लागते, हा त्यातला गाभा मात्र आपल्या जाळरेषेतही आहे.

पुढे काय करावे

बिडकीनच्या वाटेवर, कांचनवाडीला, 1980 पासून जल व भूमी व्यवस्थापन संस्था आहे. याच रस्त्यावर कृषी विज्ञान केंद्र आहे. परभणीला वसंतराव नाईक मराठवाडा कृषी विद्यापीठ आहे. 2018 मध्ये जागतिक बँकेच्या मदतीने सुरू झालेली नानाजी देशमुख कृषी संजीवनी योजना तर हवामान बदलाला तोंड देण्यासाठीच आखलेली होती. म्हणजे ज्ञान आणि यंत्रणा दोन्ही हाताशी आहेत. त्यांनी शेततळी, ठिबक आणि बियाण्यांवर काम केले. आता काडीकचरा आणि गवत हा विषयही तितक्याच गांभीर्याने घ्यायला हवा, कारण मराठवाड्यातल्या बऱ्याच जमिनींत सेंद्रिय कर्ब अर्ध्या टक्क्याच्या आसपास किंवा त्याहून कमी आहे. इतका कमी कर्ब असलेली जमीन पाणी धरून ठेवू शकत नाही. दुष्काळाशी आपली लढाई शेवटी याच आकड्यापाशी येऊन थांबते.

गावपातळीवर चार गोष्टी लगेच करता येतील. ग्रामपंचायतीने डिसेंबरमध्ये गायरान आणि पडीक रानातल्या गवताच्या कापणीचा कार्यक्रम ठरवावा आणि तो रोजगार हमीच्या कामांशी जोडावा. ही योजना 1972 च्या दुष्काळातून याच महाराष्ट्रात जन्मली, तेव्हा चारा आणि माती राखण्याच्या कामाला तिच्यात अग्रक्रम मिळायला हवा. दुसरे, पाचट कुट्टी यंत्र आणि श्रेडर शेतकरी उत्पादक कंपन्यांमार्फत तोडणीच्या आणि वेचणीच्या हंगामात भाड्याने मिळावेत. तिसरे, पऱ्हाटीच्या पांढऱ्या कोळशासाठी औद्योगिक पट्ट्याशी खरेदीचे करार व्हावेत. चौथे, तालुक्यात बांधाच्या आणि शेतातल्या आगींची साधी नोंदवही ठेवावी: तारीख, गट, कारण, नुकसान. ज्याची नोंद नाही, त्याला निधी मिळत नाही.

वनखात्यानेही जाळरेषांचे काम जानेवारीत पूर्ण होईल असे पाहावे आणि डोंगराच्या पायथ्याच्या गावांना गवत कापण्याचा हक्क खुल्या मनाने द्यावा. हंगामी अग्निरक्षकांना वेळेवर मजुरी, बूट, हातमोजे आणि ब्लोअर मिळाले पाहिजेत. जून 2024 मध्ये उत्तराखंडातल्या बिनसर अभयारण्यात आग विझवताना वनकर्मचारी मृत्युमुखी पडले. नुसत्या फांद्यांनी झोडपायला माणसे पाठवणे यापुढे चालणार नाही.

वाचकांपैकी ज्यांची शेती आहे, त्यांना एवढीच विनंती. येत्या उन्हाळ्यात बांधाला काडी लावण्याआधी त्या बांधावरची झाडे मोजा, शेजाऱ्याच्या ठिबकचा विचार करा आणि जळणाऱ्या गवताची किंमत मे महिन्यातल्या चाऱ्याच्या भावाने काढा. डोंगरावर किंवा जंगलात आग दिसली तर वनखात्याच्या 1926 या क्रमांकावर लगेच कळवा. मराठवाड्याच्या जमिनीकडे पाणी कमी आहे, कर्ब कमी आहे, झाडे कमी आहेत. जे थोडे उगवते ते जाळून टाकण्याइतका हा मुलूख श्रीमंत नाही.